सागरी खाद्यपरंपरेचे जतन आणि मराठी पाककृतिलेखन : एक चिकित्सा

प्रस्तावना

पश्चिम विदर्भातील एका महाविद्यालयात मराठी शिकविणाऱ्या अध्यापिकेने कोकणच्या मासळीच्या जेवणाविषयी लिहावे, हे प्रथमदर्शनी विसंगत वाटण्याचा संभव आहे. अकोला आणि अमरावती ही दोन्ही शहरे मुंबईपासून पाचशे किलोमीटरांहून अधिक अंतरावर आहेत. परंतु वऱ्हाडातील कोणत्याही आठवडी बाजारात मिरची-हळदीच्या दुकानांपलीकडे, थोड्या अंतरावर, गोणपाटावर जवळा, सुकट, झिंगे आणि सुके बोंबील यांचे ढीग मांडून बसलेल्या स्त्रिया दिसतात. १८६७ मध्ये मुंबई-नागपूर लोहमार्ग पूर्ण झाला आणि अकोला, बडनेरा ही स्थानके मुंबईच्या बंदराशी जोडली गेली. या मार्गाने वऱ्हाडचा कापूस मुंबईस गेला, हे आपण इतिहासाच्या तासाला शिकवितो. मुंबईकडून वऱ्हाडात काय आले याची चर्चा मात्र आपण क्वचितच करतो. समुद्र न पाहिलेल्या असंख्य वऱ्हाडी घरांना समुद्राची चव ठाऊक आहे ती या सुक्या मासळीमुळे. तेव्हा किनारपट्टीच्या खाद्यपरंपरेचे काय होते, हा प्रश्न आपल्याही स्वयंपाकघराचा आहे.

गेल्या दोन-तीन दशकांत या परंपरेच्या जतनाविषयी पुष्कळ बोलले गेले. मुंबई-पुण्यात मालवणी जत्रा भरतात, मालवणी मसाल्याची पाकिटे किराणा दुकानांत मिळतात, पाककृतींची पुस्तके निघतात आणि आता तर भ्रमणध्वनीच्या पडद्यावर दररोज नवे कालवण शिजते. या सर्व खटाटोपात ‘जतन’ म्हणजे पाककृतींचा संग्रह असे एक समीकरण गृहीत धरलेले आढळून येते. हे समीकरण अपुरे आहे, आणि ते अपुरे का आहे याचे उत्तर पाककृतिलेखनाच्या स्वरूपातच दडलेले आहे, असे प्रस्तुत लेखिकेचे प्रतिपादन आहे. पाककृती हा एक वाङ्मयप्रकार मानून त्याची चिकित्सा केल्यास तो काय टिपतो आणि काय गाळतो हे स्पष्ट होऊ शकते.

पाककृतीची वाक्यरचना

मराठीतील पाककृतिलेखनाची परंपरा शंभर वर्षांहून जुनी आहे. लक्ष्मीबाई धुरंधर यांचे ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ हे पुस्तक १९१० मध्ये प्रसिद्ध झाले. लेखिका मुंबईच्या पाठारे प्रभू समाजातील, आणि हा समाज मासळीचा चोखंदळ भोक्ता. त्यामुळे किनाऱ्यावरील सामिष स्वयंपाकाला मराठी मुद्रित ग्रंथात फार लवकर स्थान मिळाले, ही सुदैवाची गोष्ट होय. पुढे १९७० मध्ये कमलाबाई ओगले यांचे ‘रुचिरा’ आले. या पुस्तकाने वाटी-चमच्याचे माप घरोघर नेले. आईपासून दूर, नोकरीच्या गावी संसार थाटणाऱ्या मुलीला ‘अंदाजाने घाल’ या सूचनेचा उपयोग नव्हता. तिला वाटी आणि चमचा हवा होता. ‘रुचिरा’चे यश या सामाजिक गरजेत आहे आणि ते थोर आहे यात शंका नाही.

तथापि मापाची ही सोय मासळीच्या स्वयंपाकाला लागू करताना अडचण उद्भवते. छापील पाककृती नेहमी पदार्थाच्या नावाने सुरू होते. त्यानंतर साहित्य येते आणि साहित्यात मासा येतो. म्हणजे प्रथम ठरले ‘पापलेटचे कालवण’ आणि मग आणले पापलेट. किनाऱ्यावरील घरात हा क्रम उलटा असतो. तेथे सकाळी प्रश्न असतो तो आज काय मिळाले हा. जे मिळाले ते किती ताजे, किती तेलकट, काटेरी की मांसल, लहान की मोठे, यावरून त्याचे सुके करावयाचे, तिखले करावयाचे, आमटी करावयाची की तळावयाचे हे ठरते. त्यानंतर वाटपात नारळ किती हे ठरते आणि सर्वांत शेवटी आंबट कोणते हे ठरते.

या शेवटच्या निर्णयाकडेच पाहू. कोकणातील कालवणाला आंबटपणा देण्याचे साधन ऋतूगणिक बदलते. चैत्र-वैशाखात झाडाला कैरी असते, तेव्हा कैरी. कोकमे उन्हाळ्याच्या अखेरीस पिकतात, त्यांची साले उन्हात वाळवून सोले केली जातात आणि ती पुढे वर्षभर पुरतात. रसाला मीठ लावून ठेवले की आगळ होते. काही घरांत चिंच वापरतात, परसात बिंबलाचे झाड असेल तर बिंबले. छापील पाककृतीत या साऱ्याचे ‘चार-पाच आमसुले’ एवढेच उरते. त्यात चूक काहीच नसते. परंतु चार-पाच आमसुले लिहिताना कैरीचे दोन महिने पुस्तकातून गळून पडलेले असतात.

तिरफळाचे उदाहरण याहून बोलके आहे. तिरफळ हे काटेरी झाडाचे फळ. ते वाळले की उकलते. आतील काळी बी टाकून द्यावयाची आणि टरफल वापरावयाचे. ते बांगडा, तारली, पेडवे अशा तेलकट, उग्र वासाच्या माशांना लागते. ते मसाल्याबरोबर बारीक वाटत नाहीत, किंचित ठेचून कालवणात सोडतात. जेवताना बाजूला काढतात. तिरफळ घातलेल्या कालवणाला फोडणीची गरज नसते. मांसल, सौम्य चवीच्या माशांच्या वाटेला ते सहसा जात नाही. हे ज्ञान कोणत्याही एका पाककृतीत मावणारे नाही, कारण ते दोन माशांमधील फरकाचे ज्ञान आहे. पाककृतीचे पुस्तक पृष्ठागणिक सुटे पदार्थ मांडते. अमुक का आणि तमुक का नाही, हा प्रश्न दोन पृष्ठांच्या मधल्या जागेत राहतो.

हॉटेलातील ‘मालवणी थाळी’ हे या सुटेपणाचे अंतिम रूप म्हणावे लागेल. एकच लाल वाटण. त्यात सुरमई घातली की सुरमई मसाला, कोंबडी घातली की चिकन मालवणी. नागपूरच्या हलबा कोष्टी समाजातील सावजी रश्श्याचे जे झाले तेच येथे झालेले दिसते. आज सावजीची पाटी विदर्भाच्या कोणत्याही राज्यमार्गावर आढळते आणि पाटीखाली बहुधा तेल व तिखट असते. नाव टिकले म्हणजे चव टिकली असे समजण्याचे कारण नाही, हे आपणा वैदर्भीयांना कोकणी माणसाने शिकविण्याची गरज नाही.

नावांच्या बाबतीतही अशीच झीज होते. दक्षिण कोकणात सरंगा, इसवण, सुंगटे, कुर्ल्या. मुंबईच्या बाजारात पापलेट, सुरमई, कोलंबी, चिंबोऱ्या. शहरी खवय्याला आणि हॉटेलच्या भोजनपत्रिकेला दुसरी यादी पुरते. मुडदुशे, सौंदाळे, मांदेली, शेंगटी, खुबे, कालवे, मुळे ही नावे त्या यादीत येत नाहीत अथवा कोपऱ्यात येतात. मराठीच्या अध्यापकाने या शब्दांकडे केवळ बोलीतील शब्द म्हणून पाहू नये. ज्या माशाला घरात नाव नाही तो मासा बाजारात ओळखता येत नाही आणि ओळखता न येणारा मासा कोणी विकत घेत नाही.

साहित्यात मासळी कोठे आहे?

एम.फिल.च्या निमित्ताने कोकणच्या प्रादेशिक साहित्याचे वाचन करताना एक गोष्ट प्रस्तुत लेखिकेच्या ध्यानी आली होती. श्री. ना. पेंडसे यांची ‘गारंबीचा बापू’ ही कादंबरी १९५२ ची. तिचा परिसर दापोली-हर्णैचा. हर्णैच्या बंदरावर मासळीचा लिलाव होतो आणि तो प्रसिद्ध आहे. परंतु कादंबरीचे जग आहे ते आगर, सुपारी, खोती आणि भाऊबंदकी यांचे. हा पेंडसे यांच्यावरील आक्षेप नव्हे. त्यांनी आपल्या अनुभवाच्या कक्षेत राहून लिहिले, हे त्यांच्या थोरवीचे एक कारण आहे. मात्र ज्याला आपण कोकणचे प्रादेशिक साहित्य म्हणून वर्गात शिकवितो ते प्रामुख्याने जमिनीकडे तोंड करून लिहिले गेले, ही नोंद करावीच लागते.

आरवली-शिरोड्याच्या परिसराला साहित्यात आणणाऱ्या जयवंत दळवी यांच्याकडे, विशेषतः ‘सारे प्रवासी घडीचे’ (१९६४) मध्ये, चित्र काहीसे निराळे आहे. तेथील माणसांना मासळी ही नित्याची बाब आहे आणि घरातील खाण्याचे प्रश्न हे माणसे ओळखण्याचे साधन आहे. याच शिरोड्याच्या मिठागरांवर १९३० मध्ये मिठाचा सत्याग्रह झाला. मीठ, मासळी आणि गरिबी यांचा किनाऱ्यावरील संबंध किती जवळचा आहे हे लक्षात घेतले म्हणजे त्या सत्याग्रहाला स्वयंपाकघराचीही एक बाजू होती असे म्हणता येते. परंतु दळवींच्या लेखनातही मासळी येते ती खाणाऱ्याच्या बाजूने. ती पकडणारा गाबीत वा कोळी, टोपली डोक्यावर घेऊन दारोदार फिरणारी विक्रेती, वाळवणारी बाई यांच्या बाजूने लिहिलेले मराठी साहित्य अल्पच आहे.

वाळवणाचा प्रश्न

सुकी मासळी ही किनाऱ्याच्या पाककलेतील उपेक्षित शाखा होय, आणि वऱ्हाडचा संबंध नेमका तिच्याशीच आहे. वाळवण्यातही शास्त्र आहे. बोंबलाच्या अंगात पाणी अतोनात. म्हणून दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून ती जोडी बांबूच्या आडव्या काठीवर वाऱ्याला टांगतात आणि सामान्यतः मीठ लावीत नाहीत. बांगडा मात्र चिरून, मीठ भरून खारवतात. कोलंबी सोलून वाळविली की तिचे सोडे होतात. सोडे महाग, म्हणून पाहुणचाराला. जवळा जमिनीवर पसरून वाळवितात. तो स्वस्त, म्हणून रोजचा. मासेमारीला १ जून ते ३१ जुलै या काळात बंदी असते. शासनाची बंदी नव्हती तेव्हाही खवळलेल्या समुद्रात होड्या जात नसत. त्या दिवसांत घर चालते ते या साठ्यावर, खाडीतील मिळकतीवर आणि पहिल्या पावसात ओढ्यांतून वर येणाऱ्या चढणीच्या माशांवर.

जतनाच्या चर्चेत या सगळ्याला जागा अल्प मिळते. याचे कारण वास हे आहे, आणि वासाचे कारण पुन्हा सामाजिक आहे. प्रस्तुत लेखिका पदव्युत्तर शिक्षणासाठी एका वसतिगृहात राहत असताना खोलीतील तिघींनी मिळून घरून आलेली सुकट भाजली होती. दुसऱ्या दिवशी सूचनाफलकावर ‘दुर्गंधीयुक्त पदार्थ आणण्यास सक्त मनाई आहे’ अशी सूचना लागली. खाली कोणाचेही नाव नव्हते. तरी नजरा कोणाकडे वळल्या हे सांगावयास नको. पुढे त्याच वसतिगृहाच्या स्नेहसंमेलनात खाद्यमहोत्सव झाला आणि त्यात ‘कोकण’ या दालनात सोलकढी व उकडीचे मोदक ठेवले होते.

शाहू पाटोळे यांचे ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ (२०१५) हे पुस्तक या ठिकाणी आठवणे अपरिहार्य आहे. मराठवाड्यातील दलित समाजाच्या अन्नाची नोंद करताना पाटोळे यांनी मराठी पाकसाहित्याच्या सर्वसमावेशकतेच्या दाव्यालाच छेद दिला. त्यांच्या पुस्तकाचे वैशिष्ट्य असे की, त्यात पदार्थाबरोबर तो पदार्थ कोणाला, कोणत्या परिस्थितीत खावा लागला हेही येते. सागरी खाद्यपरंपरेच्या बाबतीत असे लेखन झाले पाहिजे. पापलेट कोणी खाल्ले, डोके आणि शेपटी कोणाच्या वाट्याला आली, विकून उरलेल्या बारीक मासळीचे काय केले, हे प्रश्न पाककृतीच्या बाहेरचे नाहीत. कोळणीच्या घरातील सर्वोत्तम कालवण पुष्कळदा बाजारात न खपलेल्या माशांचे असते.

मासा नसताना पाककृती

येथवरची चर्चा लेखनाची झाली. परंतु जतनाच्या प्रश्नाला एक कठोर भौतिक बाजू आहे आणि साहित्याच्या अभ्यासकाने ती विज्ञान शाखेवर सोपवून मोकळे होणे योग्य नव्हे. सिंधुदुर्गच्या किनाऱ्यावर रापण ही मासेमारीची सामूहिक पद्धत आहे. होडीने जाळे अर्धवर्तुळात टाकावयाचे, किनाऱ्यावरून दोन्ही बाजूंनी अनेकांनी मिळून ओढावयाचे आणि आलेल्या मासळीचे वाटे करावयाचे. रापणीत एकाच वेळी अनेक जातींचे, लहान-मोठे मासे येतात. ‘आज काय मिळाले’ हा ज्या स्वयंपाकाचा आरंभ, तो स्वयंपाक या संमिश्र वाट्यातून घडलेला आहे. पर्ससीन जाळ्यांनी बांगडा-तारलीचे थवेच्या थवे एकदम उचलण्यास सुरुवात झाल्यावर किनाऱ्यालगतच्या पारंपरिक मच्छीमारांचा वाटा आटला, संघर्ष झाले आणि ५ फेब्रुवारी २०१६ च्या शासन आदेशाने पर्ससीन मासेमारीवर मर्यादा आल्या. या आदेशाची चर्चा मत्स्यव्यवसायाच्या वर्तुळातच राहिली. खाद्यसंस्कृतीवर लिहिणाऱ्यांनी तो आपला विषय मानला नाही. वास्तविक मालवणी पाककृतींच्या शंभर पुस्तकांपेक्षा त्या आदेशाची अंमलबजावणी तिखल्याच्या दृष्टीने अधिक महत्त्वाची होती.

२०२३ मध्ये महाराष्ट्राने रुपेरी पापलेटला राज्यमासा घोषित केले. त्याच वर्षी ५४ जातींच्या माशांसाठी पकडण्याचे किमान आकारमान निश्चित करण्यात आले. लहान पापलेट मोठ्या प्रमाणावर पकडले जात असल्याने त्याला संरक्षण हवे, हा पहिल्या निर्णयामागील विचार योग्यच होता. तरीही एक शंका मनात येते. सन्मानासाठी जो मासा निवडला गेला तो निर्यातीचा आणि मेजवानीचा मासा आहे. किनाऱ्यावरील सामान्य घराचे पोट ज्यांनी भरले ते बांगडा, तारली, मांदेली, बोंबील आणि जवळा. यांपैकी तारलीसारखा मासा तर आता मत्स्यचूर्णाच्या कारखान्यातही जातो. किमान आकारमानाचा नियम मात्र केवळ मानाच्या माशापुरता नाही, आणि म्हणून खाद्यवारशाच्या दृष्टीने तो अधिक मोलाचा वाटतो. तो पाळला जातो की नाही हे बाजारातील पाटीत दिसते. घेणाऱ्याने बोटभर पापलेट नाकारले तर त्याचाही परिणाम होईल.

डहाणूजवळील वाढवण बंदराला जून २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाची मान्यता मिळाली, ऑगस्टमध्ये पायाभरणी झाली. तेथील मच्छीमारांचा विरोध सर्वश्रुत आहे. बंदराच्या आर्थिक लाभहानीचा हिशेब करणे हा या लेखाचा विषय नाही. परंतु त्या हिशेबात खाडीची, खडकांवरील कालव्यांची आणि वाळवणाच्या जागेची किंमत ‘खाद्यवारसा’ या सदराखाली कोठे धरली आहे काय, असे विचारण्याचा अधिकार भाषा-संस्कृतीच्या अभ्यासकाला निश्चित आहे.

या संदर्भात मेक्सिकोचे उदाहरण उद्बोधक ठरेल. युनेस्कोचा अमूर्त सांस्कृतिक वारशाविषयीचा करार २००३ चा. भारत त्यात २००५ मध्ये सहभागी झाला. २०१० मध्ये मेक्सिकोच्या पारंपरिक पाककलेचा समावेश या वारशाच्या यादीत झाला, तेव्हा नोंद केवळ पदार्थांची झाली नाही. मका, घेवडा आणि मिरची एकत्र पिकविण्याची मिल्पा ही शेतीपद्धती, मका चुन्याच्या पाण्यात शिजविण्याची क्रिया, दळण्याची दगडी साधने, सामूहिक विधी आणि मिचोआकान प्रांतातील पारंपरिक स्वयंपाकिणी, या साऱ्यांचा तीत अंतर्भाव आहे. शेत हा पाककलेचा भाग मानला गेला. या न्यायाने पाहता मालवणी कालवणाच्या नोंदीत रापण, मिठागर, तिरफळाचे झाड आणि मासळीबाजार यांचा समावेश व्हावयास हवा. आपल्याकडे भौगोलिक मानांकन मिळते ते सुट्या उत्पादनाला. सिंधुदुर्ग-रत्नागिरीच्या कोकमाला असे मानांकन आहे, ही आनंदाची गोष्ट. पण ते कोकम ज्या कालवणात पडते त्यातला मासा मानांकनाच्या बाहेर राहतो.

वऱ्हाडातील नोंद

वऱ्हाडातही हाच प्रश्न वेगळ्या पाण्याचा आहे. पूर्णा आणि वर्धा या नद्यांच्या काठी भोई, ढिवर समाजाची मासेमारी होती व आहे. मरळ, वाम, शिंगाडा, झिंगे ही नावे येथील वृद्धांच्या तोंडी आहेत. धरणांच्या जलाशयांत रोहू-कटल्याचे बीज सोडले जाऊ लागले, बाजारात आंध्रातून बर्फात घातलेली मासळी येऊ लागली आणि आमच्या विद्यार्थ्यांना मासा म्हणजे रोहू एवढेच ठाऊक राहिले. बोलीविषयक प्रकल्पासाठी पाठविलेल्या विद्यार्थ्यांना आपण म्हणी, ओव्या, उखाणे गोळा करावयास सांगतो. त्या प्रश्नावलीत माशांची नावे, ती मिळण्याचे महिने, कोणत्या माशात काय घालावयाचे आणि काय घालावयाचे नाही, एवढी चार कलमे वाढविण्यास कोणाच्याही परवानगीची आवश्यकता नाही.

दर्यापूर तालुक्यातील एका आठवडी बाजारात प्रस्तुत लेखिकेने सुके झिंगे घेतले, तेव्हा विक्रेत्या बाईंना ते कसे करावेत असे मुद्दाम विचारले. उत्तर असे मिळाले : “आधी तव्यावर भाजून घ्या, मंग पाखडा, मिशा-पाय निंघून जातात. वांग्यात टाका, पन वांगं अर्धं शिजल्यावर. लय पानी नोका टाकू.” किती झिंगे, असे विचारताच त्यांनी लेखिकेच्या हातातील पिशवीकडे पाहिले आणि घरी माणसे किती, वांगी केवढी, असे दोन प्रश्न उलट विचारले. माल कोठून येतो, यावर “मुंबईहून” एवढेच त्या म्हणाल्या. समुद्र त्यांनी पाहिलेला नव्हता. मात्र ढिगातले दोन झिंगे उचलून, एक यंदाचा आणि एक मागच्या सालचा, हे त्यांनी रंगावरून आणि वासावरून वेगळे करून दाखविले.